चर्चा करावी

तिला कुणी उंची विचारली की ती दर वेळी वेगळा आकडा सांगायची. वर्तमानपत्रवाल्यांना सहा फूट तीन, लग्न जुळवणाऱ्या बाईंना पाच फूट अकरा, आणि नोकरीच्या मेडिकलला डॉक्टर टेप घेऊन स्टुलावर चढले तेव्हा, "तुमीच बगा की, मला कशाला इचारता?" खरी उंची सहा फूट एक इंच. मला माहीत आहे, कारण तिचा फॉर्म मी भरला होता.

आमच्या खात्याच्या महिला बास्केटबॉल संघाचा मी सतरा वर्षं मॅनेजर होतो. मॅनेजर म्हणजे प्रशिक्षक नव्हे. बॉल कसा टाकायचा हे मला तेव्हाही कळत नव्हतं. प्रवेशिका भरायच्या, प्रवासाची तिकिटं काढायची, मुलींच्या रजा मंजूर करून आणायच्या आणि बक्षीस समारंभाच्या फोटोत डावीकडून पहिलं उभं राहायचं, एवढं काम. बाकी मी क्लार्कच.

परवा तिचा सत्कार आहे. त्या निमित्ताने निघणाऱ्या स्मरणिकेसाठी मी तिच्याबद्दल लिहावं, असा निरोप आला. स्मरणिकेत लोक जसं लिहितात तसं लिहायला मी बसलोही होतो. पण तिच्या खेळातली एक गोष्ट माझ्यामुळे झाली नाही, आणि ती माझ्यामुळे झाली नाही हे आजवर कुठेही लिहिलेलं नाही. म्हणून हे असं लिहितो आहे. छापायचं की नाही ते छापणाऱ्यांनी ठरवावं.

आपल्याकडे एखाद्या मुलीला बास्केटबॉलवर पोट भरायचं तर एकच वाट असते. खेळाडूंच्या कोट्यातून एखाद्या खात्यात चिकटायचं. दुपारपर्यंत टेबल, मग कोर्ट. ती बेलापूरच्या आमच्या ऑफिसात आली तेव्हा वीस वर्षांची होती. वडील साताऱ्याकडचे, एपीएमसीच्या कांदा-बटाटा मार्केटात माथाडी. पहिल्या दिवशी सगळे मला 'साहेब' म्हणत असताना ती म्हणाली, "काय मॅनेजर, माझं टेबल कुठलं?" पुढे सगळी वर्षं मी तिच्यासाठी नुसता 'मॅनेजर' राहिलो. त्यात उद्धटपणा नव्हता. ती प्रत्येकाला त्याच्या कामावरूनच हाक मारायची. प्रशिक्षकांना 'कोच', शिपायाला 'टपाल', आणि संघातल्या मुलींना त्यांच्या पाठीवरच्या नंबरानं. आठ नंबरच्या मुलीचं लग्न ठरलं तेव्हा पत्रिका वाचून ती म्हणाली, "हिचं नाव हे हाय व्हय?"

तिचा खेळ मला समजावून सांगता येणार नाही, पण एक गोष्ट मलाही दिसायची. बास्केटबॉलमध्ये बॉल धरून थांबलं की एक पाय जागचा हलवता येत नाही. दुसऱ्या पायानं हवं तिकडे फिरता येतं. बाकीच्या मुली दोनदा फिरायच्या आणि बॉल दुसरीकडे देऊन मोकळ्या व्हायच्या. ही डावा पाय रोवायची आणि अशी फिरत राहायची, की अंगावर आलेल्या दोघी-तिघी एकमेकींना धडकायच्या. मग ही सावकाश हात वर करून बॉल रिंगमध्ये सोडायची. शिबिरात एका मोठ्या प्रशिक्षकांनी विचारलं, "कुणी शिकवलं हे?"

"बापानं."

"ते खेळायचे?"

"न्हाय. उचलायचे."

लहानपणी ती वडिलांचा डबा घेऊन मार्केटात जायची. गाळ्यात दोन्ही बाजूंना गोण्यांच्या थप्प्या आणि मधे एक माणूस जाईल एवढी वाट. पाठीवर पन्नास किलोची गोणी घेतलेल्या माणसाला तिथं मागे सरता येत नाही. "एक पाय रोवायचा आन् बाकीचं अंग फिरवायचं," ती सांगायची. "रोवल्याला पाय हलला की थप्पी अंगावर." तिचे वडील एकदाच सामना बघायला आले. पूर्ण वेळ ते खुर्चीच्या कडेवर बसले होते. शेवटी मला म्हणाले, "सायेब, चार पोरी माझ्या लेकीला ढकलत्यात आन् त्यो शिट्टीवाला बगत हुबा ऱ्हायलाय. तुमी काय बोलत न्हाई?" मी म्हणालो, खेळात असं चालतं. ते म्हणाले, "मार्केटात नसतं चालत."

तिची बॉलची पिशवी कांद्याच्या गोणीची होती, तिनं स्वतः शिवलेली. खात्यानं दिलेली निळी बॅग तिनं भावाला देऊन टाकली. सामन्याआधी बाकीच्या मुली केळं खायच्या, ही भाकरी आणि बुक्कीनं फोडलेला कांदा खायची. समोरच्या संघातल्या मुली तिला कांदेवाली म्हणायच्या. एकदा तर त्यांच्या कॅप्टननं रेफरीकडे तक्रार केली, की ही तोंडावर श्वास सोडते. रेफरीनं मला बोलावलं. मी नियमांचं पुस्तक काढून खरोखर शोधत बसलो. कांद्यावर नियम नव्हता.

"मंग घेऊ का श्वास?" तिनं विचारलं. रेफरी हसले आणि तिला चेंडू दिला.

त्याच पिशवीत सुतळीचा एक गुंडा असायचा. वीस फूट सुतळी, दोन्ही टोकांना लोखंडी नट बांधलेला. कुठल्याही गावी सामना असो, सरावाआधी ती ती सुतळी रिंगवर टाकायची. रिंग दहा फुटांवर असते, त्यामुळे दोन्ही नट जमिनीला जेमतेम टेकले तर रिंग बरोबर. टोकं जमिनीवर लोळली तर रिंग खाली. एका मोठ्या स्पर्धेच्या उपांत्य सामन्याला, मध्यंतरात, ज्या बाजूला आता आम्ही बॉल टाकणार होतो तिथं तिनं पुन्हा टाकलेली सुतळी चार बोटं लोळली. आम्ही सहा गुणांनी पुढे होतो. ती सरळ रेफरीकडे गेली. दीड तास सामना थांबला, सुताराला बोलावलं, रिंग वर घेतली. घामावर गार पडलेल्या आमच्या मुली नंतर पळूच शकल्या नाहीत. एका बास्केटनं आम्ही हरलो.

मी तिला बसमध्ये सगळ्यांसमोर झापलं. "तुला कुणी सांगितला होता शहाणपणा? आपल्याच फायद्याची होती ना रिंग?"

"आवं मॅनेजर," ती म्हणाली, "मला म्हाईत व्हतं ना ती खाली हाय. मंग टाकलेला बॉल माझा कसा म्हनू?"

मुली तिच्यावर चिडलेल्या होत्या. ती पुढच्या बाकावर एकटी, पाय वाटेत पसरून, खिडकीबाहेर बघत बसली होती. परतीच्या त्या अख्ख्या प्रवासात तिच्या शेजारी कुणी बसलं नाही. मीही नाही.

ती पंचवीस वर्षांची असताना भारताच्या संघातून परदेशात खेळायला गेली. तिथं पूर्वेकडच्या एका थंड देशातल्या क्लबच्या प्रशिक्षकबाईंनी तिचा खेळ पाहिला. तिथं बायकांच्या बास्केटबॉलची खरीखुरी लीग आहे. तिथल्या मुली खेळाडू म्हणूनच पगार घेतात, टेबल नसतं. परत आल्यावर ती मला सांगत होती, "चष्म्याची बुटकी बाई व्हती मॅनेजर. दुभाष्याला घेऊन आत आली, माझ्यासारखं एका पायावर फिरून दाखवलं आन् पडता पडता वाचली. म्हनली, एक सीझन ये. ऑफिसला पत्र धाडते." तिला इतकं बोलताना मी पहिल्यांदाच ऐकत होतो.

त्यानंतर रोज चार वाजता, कोर्टावर जाण्याआधी, ती माझ्या टेबलाशी यायची. "मॅनेजर, टपाल?"

"नाही आलं."

आठ दिवस हे खरं होतं. नवव्या दिवशी पत्र आलं.

सरकारी नोकराला बाहेरच्या क्लबकडून खेळायचं तर खात्याची हरकत नसल्याचं पत्र लागतं. क्लबला ते महिन्याभरात हवं होतं. मी फाइल उघडली, दोन ओळींची टिप्पणी लिहिली आणि साहेबांकडे पाठवली. संध्याकाळी फाइल परत आली. वर साहेबांच्या अक्षरात दोन शब्द: 'चर्चा करावी.'

ज्यांनी अशा कचेरीत काम केलेलं नाही त्यांना सांगतो. याचा अर्थ 'नाही' असा नसतो. 'मला नीट कळलेलं नाही, येऊन समजावून सांगा' एवढाच असतो. आपण जायचं, उभ्यानं दोन मिनिटं बोलायचं, आणि साहेब सही करतात. पण आपण गेलोच नाही, तर फाइल जिथे आहे तिथे राहते. कुणी नकार दिलेला नसतो. उद्या चौकशी झाली तरी कुणाचं बोट कुणाकडे जात नाही.

मी गेलो नाही.

दोन महिन्यांनी आमची आंतरखाते स्पर्धा होती. ती नसती तर संघ पहिल्याच फेरीत घरी आला असता. संघ बंद करायची कुजबुज आधीपासून होतीच. संघ बंद म्हणजे मी पुन्हा आवक-जावक विभागात, लिफाफ्यांवर नंबर टाकत. दौरे नाहीत, ट्रॅकसूट नाही, फोटो नाही. एवढंच कारण होतं. इतक्या वर्षांत मी याहून मोठं काही कारण शोधून पाहिलं. सापडलं नाही.

"मॅनेजर, टपाल?"

"नाही आलं."

ती विचारत होती तेव्हा पत्र माझ्या उजव्या हाताच्या ड्रॉवरमध्ये होतं. दीडेक महिना तिनं विचारलं. मग एके दिवशी चार वाजता ती टेबलावरून तशीच पुढे निघून गेली. त्या वर्षी आम्ही स्पर्धा जिंकलो. मला शाल आणि नारळ मिळाला.

त्यानंतर तिला एका वाक्याची सवय लागली. कुणी कौतुक केलं, कुणी काही कबूल केलं, की ती म्हणायची, "बोलायचं म्हनून बोलत्यात मानसं." पत्रकाराला म्हणायची, मंत्र्याला म्हणायची. एका शाळामास्तरांचं स्थळ आलं होतं, माणूस बरा होता, उंचीचं त्यांना काही नव्हतं. त्यांनाही ती तेच म्हणाली. पुढे वडील गेले. आई त्याआधीच गेली होती. भाऊ गावी परत गेला. ती घणसोलीच्या फ्लॅटमध्ये एकटी राहू लागली आणि आमच्यासाठी आणखी नऊ वर्षं खेळली.

शेवटच्या वर्षी संघात एकोणीस वर्षांची एक चपळ मुलगी आली होती. तिला अशाच बाहेरच्या क्लबनं विचारलं. ही तिला सरावात सांगत होती, "नको नादी लागू. बोलत्यात नुसतं. पत्र-बित्र काय येत नसतंय." पंधरा दिवसांत त्या मुलीच्या मोबाइलवर पत्र आलं. तोवर माझी बदली झालेली होती, नवीन मॅनेजरनं परवानगी मिळवून दिली, आणि मुलगी गेलीसुद्धा. त्या संध्याकाळी मी कोर्टावरून जात होतो. सगळ्या गेल्या होत्या. ही रिंगच्या खांबाला टेकून बसली होती.

"मॅनेजर, तिचं आलं."

"हो, कळलं."

"म्हंजे पाठवत्यात खरं." थोडा वेळ ती बुटाची नाडी ओढत राहिली. "मंग माझ्यातच काय तरी कमी असंल."

तेव्हा सांगायला हवं होतं. आजूबाजूला कुणी नव्हतं. मी म्हणालो, "टेन्शन घेऊ नकोस." आणि वाशीची बस पकडली.

गुडघे गेल्यावर तिला रेकॉर्ड रूममध्ये टाकलं. जुन्या फाइलींचे गठ्ठे तिथं छतापर्यंत रचलेले असतात. वरच्या फळीवर स्टूल न घेता हात पोचणारी खात्यात ती एकटीच होती. त्यामुळे काही हवं असलं की तिलाच हाक. तिची स्वतःची फाइल त्याच खोलीत, वरच्याच फळीवर, कापडात बांधलेली होती. ती मीच तिथं पाठवली होती. मी निवृत्त होईपर्यंत रोज वाटायचं, आज सुटेल गठ्ठा. पण जुना गठ्ठा मागितल्याशिवाय कुणी सोडत नाही.

गेल्या आठवड्यात तो सुटला. जुन्या फाइली स्कॅन करायचं काम चाललं आहे. क्रीडा विभागाच्या तरुण अधिकाऱ्याचा मला फोन आला. "सर, भारी गोष्ट सापडलीय. मॅडमना फॉरेनच्या क्लबची ऑफर होती, तरी त्या गेल्या नाहीत! खात्यासाठी सोडली ना सर त्यांनी? तुमच्या लेखात हे येऊ द्या. मी स्टेजवर अनाउन्सपण करणार आहे. मॅडमना सांगू नका हं, सरप्राइझ आहे."

मी हो म्हणून फोन ठेवला. मग डोळ्यांपुढे ते स्टेज आलं. हजार माणसं टाळ्या वाजवताहेत, आणि तिला माइकवरून कळतं आहे की पत्र आलं होतं. मी त्या मुलाला परत फोन लावला, पत्राचा फोटो मोबाइलवर मागवला, सेक्टरमधल्या झेरॉक्सवाल्याकडून तो कागदावर काढून घेतला आणि दुसऱ्या दिवशी दुपारी घणसोलीला गेलो.

तिनं दार उघडलं. "काय मॅनेजर, वाट चुकला व्हय?"

हॉलमध्ये एकच खुर्ची होती. तिच्यावर वर्तमानपत्रांचा ढीग होता. तो उचलून तिनं जमिनीवर ठेवला, खुर्ची पुसली आणि स्वतः भिंतीला टेकून खाली बसली. दोन्ही गुडघ्यांवर गरम पाण्याच्या पिशव्या.

"सत्काराचं बोलायला आलो होतो," मी म्हणालो.

"त्यात काय बोलायचं? शाल घालतील. मला वाकायला लागंल, न्हायतर त्यांचा हात पोचायचा न्हाय."

मी हसलो नाही. तिनं माझ्याकडे नीट पाहिलं. मग मी सांगितलं. पत्र नवव्या दिवशी आलं. फाइल परत आली. मी गेलो नाही. ती विचारायची तेव्हा ते ड्रॉवरमध्ये होतं. का केलं तेही सांगितलं, ट्रॅकसूटसकट. एका गुडघ्यावरची पिशवी सरकून जमिनीवर पडली, ती तशीच राहिली.

"ड्रॉवरला कुलूप व्हतं?" तिनं विचारलं.

"नव्हतं."

"सायेब न्हाय म्हनले असते का?"

"नाही. त्यांना तुझं कौतुक होतं. सोडलं असतं त्यांनी."

खालच्या रस्त्यावर भाजीवाल्याची गाडी पुकारत गेली.

"कागद हाय का त्यो?"

मी खिशातून काढला.

"वाचा. मराठीत वाचा."

मी इंग्रजी बघत बघत मराठीत सांगू लागलो. "आम्ही उंच मुली पुष्कळ पाहिल्या आहेत. एका पायावर इतकं शांत उभं राहणारी पाहिली नव्हती. आपण आठ महिन्यांसाठी यावं. दिवसातून दोन वेळा सराव असतो. इथे थंडी फार आहे, कोट आम्ही देऊ. आपल्या मापाचे कोट इथे मिळतात. राहण्याची सोय क्लबच्या वसतिगृहात आहे. आपल्याच वयाची एक खेळाडू आपल्या खोलीत असेल. तीही बाहेरून आलेली आहे आणि भाषा शिकते आहे. आपण दोघी मिळून शिकाल. आपण येणार असं तिला सांगितलं आहे."

"परत वाचा."

"पहिल्यापासून?"

"न्हाय. खोलीचं."

मी परत वाचलं.

"तिचं नाव दिलंय?"

"नाही दिलेलं."

"आन् तिला सांगितलं व्हतं, मी येनार म्हनून."

"असं लिहिलंय."

तिनं माझ्या हातातल्या कागदाकडे बोट दाखवलं. मग म्हणाली, "ह्याला उत्तर गेलं न्हाय."

"नाही."

"मंग लिवा."

मी म्हणालो, आता तो क्लब असेल नसेल, ती प्रशिक्षकबाई हयात आहे की नाही कुणास ठाऊक. "त्ये मी इचारलं न्हाय," ती म्हणाली. भिंतीला धरून उठली, आत गेली, वहीचा एक कागद फाडून आणला आणि माझ्या मांडीवर पाटासारखं जाड कॅलेंडर ठेवलं.

"लिवा. तुमचं पत्र आज मिळालं."

मी लिहिलं. "तारीख?"

"आजची घाला. उशीर का झाला त्ये बी लिवा. कुनामुळं झाला त्ये बी."

मी माझं पूर्ण नाव लिहिलं आणि खाली तेव्हाचा हुद्दा लिहिला.

"झालं?"

"झालं."

"आता त्या पोरीचं." ती खिडकीकडे वळली, पाठ माझ्याकडे. "लिवा, खोलीत तिला दुसरी कोन तरी सोबत मिळाली असंल, असं समजते. मिळाली नसंल, तर म्हनावं, मी आले न्हाय, त्ये मुद्दाम न्हाय. एवढं तिला सांगा."

मी ते इंग्रजीत उतरवलं. वाक्य जमेना, दोनदा खोडलं. तिनं कागद घेतला, खोडलेल्या ओळींसकट, आणि खाली सही केली.

"रजिस्टर पोस्टानं पाठवा," ती म्हणाली, आणि दार उघडून धरलं.